वेळूच्या बेटातला खासदार : टेनेसीत डेव्हिड क्रॉकेटच्या मागावर

डेव्हिड क्रॉकेट हे नाव अमेरिकेत शाळकरी पोरांनाही ठाऊक असतं. रॅकूनच्या कातड्याची शेपटीवाली टोपी, लांब नळीची बंदूक, अस्वलांची शिकार आणि शेवटी टेक्सासमधल्या अलामो किल्ल्यात आलेलं मरण. १९५० च्या दशकात डिस्नेने त्याच्यावर टीव्ही मालिका काढली, तेव्हापासून ती टोपी त्याच्या डोक्यावर कायमची बसली. पण हाच माणूस दोनदा टेनेसीचा आमदार होता आणि तीनदा खासदार म्हणून वॉशिंग्टनला गेला. पंधरा वर्षांचा होईपर्यंत त्याला धड वाचताही येत नव्हतं. मला टोपीखालचा हा आमदार-खासदार बघायचा होता, म्हणून २०२३ च्या ऑक्टोबरमध्ये आम्ही टेनेसी पूर्वेकडून पश्चिमेकडे ओलांडायचं ठरवलं. त्याचं आयुष्यही याच दिशेने सरकत गेलं. दर मुक्कामाला कधी कर्ज, कधी पूर, कधी जमिनीची आशा त्याला पुढे ढकलत राहिली.

पहिला दिवस : लाइमस्टोन

शार्लटहून सकाळी निघालो, अ‍ॅशव्हिलला जेवलो आणि आय-२६ ने डोंगर ओलांडून टेनेसीत उतरलो. उंचावर मेपल लालभडक झाले होते, खाली दरीत मात्र अजून हिरवं होतं. गाडी नवरा चालवत होता आणि मी क्रॉकेटचं १८३४ सालचं आत्मचरित्र मोठ्याने वाचत होते. ते लिहायला त्याला थॉमस चिल्टन या केंटकीच्या खासदाराची मदत झाली होती, पण बोली अस्सल क्रॉकेटचीच वाटते. पारावर बसून सांगावं तशी.

जोन्सबरो मागे टाकून मुख्य रस्ता सोडला की शेतांतून वळणं घेत आपण नोलिचकी नदीवर पोचतो. लाइमस्टोन क्रीक नावाचा ओढा तिला जिथे मिळतो तिथे १७ ऑगस्ट १७८६ रोजी क्रॉकेट जन्मला. लोकांच्या मनात त्याचा जन्म डोंगरमाथ्यावर झालेला आहे. ही जागा तर नदीकाठची सपाट जमीन आहे, मका जोमाने यावा अशी. आता इथे राज्य सरकारचं उद्यान आहे, ओंडक्यांच्या केबिनची प्रतिकृती आहे आणि पन्नासही राज्यांतून आणलेले दगड बसवलेलं एक स्मारक आहे. केबिनमध्ये एकच खोली, एक चूल आणि वर माळा. एवढ्या जागेत आई-बाप आणि वाढत जाणारी पोरं राहत.

तेव्हा टेनेसी नावाचं राज्य जन्मायचं होतं. कागदोपत्री हा मुलूख नॉर्थ कॅरोलायनाचा, पण इथल्या लोकांनी १७८४ मध्ये ‘फ्रँकलिन’ नावाचं स्वतःचं राज्य जाहीर करून टाकलं होतं. त्याला मान्यता मिळाली नाही आणि चार वर्षांत ते विरून गेलं. कायदा कुणाचा आणि जमीन कुणाची, हेच ठरलेलं नसलेल्या जागी हा पोरगा वाढला. जमीन मुळात मूळनिवासींची होती, आणि तिची किंमत क्रॉकेट घराण्यानेही मोजली होती. त्याचे आजी-आजोबा १७७७ मध्ये क्रीक आणि चेरोकी या मूळनिवासी जमातींच्या योद्ध्यांच्या हल्ल्यात मारले गेले. एक मुका-बहिरा काका पकडला गेला आणि कितीतरी वर्षं त्यांच्यातच राहिला. हे मुद्दाम सांगते, कारण याच नातवाने पुढे संसदेत काय मत दिलं ते समजायला हे लक्षात असावं लागतं.

बापाने पुढे कोव्ह क्रीकवर भागीत पाणचक्की उभारली. १७९४ च्या पुरात ती वाहून गेली. संध्याकाळी आम्ही काठावर बसलो होतो तेव्हा नोलिचकी शांत वाहत होती. पुढच्याच वर्षी, सप्टेंबर २०२४ मध्ये, हेलीन वादळाने याच नदीला प्रचंड पूर आला आणि उद्यानाची मोठी हानी झाली. बातमी वाचताना मला ती चक्की आठवली.

दुसरा दिवस : मॉरिसटाउन आणि डँड्रिज

चक्की गेल्यावर जॉन क्रॉकेटने नॉक्सव्हिलहून अ‍ॅबिंग्डनला जाणाऱ्या रस्त्यावर टॅव्हर्न टाकली. गाडीवान आणि गुराखी रात्री तिथे उतरत, खात-पीत. मूळ इमारत राहिलेली नाही. मॉरिसटाउनला आज आहे ती १९५० च्या दशकात बांधलेली प्रतिकृती, जुन्या वस्तू गोळा करून मांडलेलं छोटं संग्रहालय. चरखे, माग, लोखंडी भांडी, माळ्यावरच्या गवती गाद्या. दाखवणाऱ्या बाई मनापासून सांगत होत्या आणि घाई अजिबात करत नव्हत्या.

इथलं बालपण वाचताना माझ्या घशाशी येतं. बारा वर्षांच्या पोराला बापाने जेकब सायलर नावाच्या अनोळखी माणसाबरोबर गुरं हाकायला व्हर्जिनियापर्यंत पायी धाडलं. मुक्कामी पोचल्यावर सायलर त्याला सोडेना, तेव्हा पोरगं रात्री बर्फातून निसटलं आणि घरी आलं. मग शाळेत घातलं. चार दिवसांत एका मोठ्या मुलाशी मारामारी, मास्तरांच्या छडीची भीती, शाळेला दांडी आणि शेवटी बाप काठी घेऊन मागे लागला म्हणून पलायन. या वेळी तो अडीच वर्षांच्या आसपास बाहेर राहिला, बाल्टिमोरपर्यंत जाऊन आला. परत आला तो थेट टॅव्हर्नमध्ये, इतर वाटसरूंबरोबर जेवायला बसला. घरच्यांपैकी कुणी ओळखलं नाही. थोरल्या बहिणीने निरखून पाहिलं आणि गळ्यात पडली.

बापावर अ‍ॅब्राहम विल्सनचं ३६ डॉलरचं कर्ज होतं. ते फेडायला पोराने सहा महिने राबावं, मग तू मोकळा, असं ठरलं. त्याने ते फेडलं. पुढे जॉन कॅनेडी या क्वेकर नावाच्या ख्रिस्ती पंथातल्या शेतकऱ्याकडे कामाला गेला, तर त्याच्याकडेही बापाची ४० डॉलरची चिठ्ठी निघाली. ती फेडायला याला कुणी सांगितलं नव्हतं. तरी तो आणखी सहा महिने राबला, चिठ्ठी सोडवली आणि घरी नेऊन बापाच्या हातात ठेवली. बाप रडला. मला वाटतं क्रॉकेट कसा घडला हे या एका प्रसंगात दिसतं. गरिबाला कागद कसा बांधून ठेवतो, हे त्याला कुठल्याही सभागृहाच्या आधी कळलं होतं.

त्याच कॅनेडीच्या मुलाची शाळा होती. आठवड्यातले चार दिवस शिकायचं, दोन दिवस त्या बदल्यात काम करायचं. सहा महिन्यांत तो सोपं वाचायला, सही करायला आणि थोडी आकडेमोड करायला शिकला. त्याचं औपचारिक शिक्षण एवढंच.

दुपारनंतर डँड्रिजला गेलो. डग्लस जलाशयाच्या कुशीतलं हे जुनं गाव, जॉर्ज वॉशिंग्टनच्या पत्नीच्या माहेरच्या आडनावावरून नाव पडलेलं. इथल्या कोर्टातून क्रॉकेटने ऑक्टोबर १८०५ मध्ये मार्गारेट एल्डरशी लग्नाचा परवाना काढला आणि तिने दुसऱ्याशीच लग्न केलं. पुढच्या ऑगस्टमध्ये पॉली फिनलीसाठी पुन्हा परवाना, आणि ते लग्न मात्र लागलं. गावात चालायला छान वाटतं. आम्ही कॉर्नब्रेड आणि बीन्स खाऊन लवकर झोपलो.

तिसरा दिवस : मर्फ्रीसबरो

हा दिवस जवळजवळ रस्त्यावरच गेला. कंबरलँडचं पठार उतरलो, घड्याळ एक तास मागे गेलं आणि दुपारी मर्फ्रीसबरोला थांबलो. आज नॅशव्हिलचं उपनगर वाटणारं हे गाव १८१८ ते १८२६ टेनेसीची राजधानी होतं. १८२१ मध्ये लॉरेन्स आणि हिकमन या दोन काउंट्यांतून (म्हणजे जिल्ह्यांतून) निवडून आलेला क्रॉकेट इथेच पहिल्यांदा सभागृहात बसला.

त्या पहिल्या प्रचाराचं त्याने केलेलं वर्णन वाचावंच. भाषण काय करायचं हेच त्याला माहीत नव्हतं. लोकांसमोर उभा राहिला आणि शब्द फुटेना. मग म्हणाला, माझं त्या माणसासारखं झालंय. तो रस्त्याकडेला रिकामं पिंप बडवत बसला होता. का बडवतोस विचारलं तर म्हणाला, मागे यात सफरचंदाची दारू होती, अजून उरलीय का बघतोय. माझ्यातही मघाशी थोडं भाषण होतं, पण आता निघत नाही. लोक हसले. आणखी दोनचार गोष्टी सांगून तो म्हणाला, माझा घसा कोरडा पडलाय, चला काही पिऊ या. श्रोते त्याच्या मागे गेले आणि विरोधकापुढे थोडेच उरले.

निवडून आल्यावर पुलास्कीला त्याची जेम्स पोकशी गाठ पडली. हा पोक पुढे अमेरिकेचा अध्यक्ष झाला. तेव्हा तो पदवीधर तरुण होता, राज्याच्या सिनेटचा कारकून. त्याने चारचौघांत विचारलं, कर्नलसाहेब, येत्या अधिवेशनात न्यायव्यवस्थेत आमूलाग्र बदल होणार वाटतं? क्रॉकेट ‘शक्य आहे’ म्हणाला आणि तिथून सटकला, कारण न्यायव्यवस्था म्हणजे काय असं कुणी विचारलं असतं तर त्याला सांगता आलं नसतं. हे तो स्वतः लिहितो, लपवत नाही.

सभागृहात त्याच्या वाट्याला प्रस्ताव आणि गाऱ्हाणी यांची समिती आली. एका सदस्याने त्याचा उल्लेख ‘वेळूच्या बेटातले गृहस्थ’ असा केला, म्हणजे रानटी. असं सांगतात की क्रॉकेटने त्या सदस्याच्या सदऱ्याला असते तशीच तलम झालर मिळवली, आपल्या जाड्याभरड्या सदऱ्यावर टाचली आणि तसाच सभागृहात उभा राहिला. सगळे हसले ते त्या सदस्याला. पुढे ‘वेळूच्या बेटातला’ हे त्याने बिरुदासारखं मिरवलं.

रात्री लॉरेन्सबर्गला पोचलो.

चौथा दिवस : लॉरेन्सबर्ग, शोल क्रीक

या सफरीतला हा दिवस मला पुन्हा जगायला आवडेल. गावच्या चौकात क्रॉकेटचा १९२२ साली उभारलेला पुतळा आहे, पण खरी जागा गावाबाहेरचं उद्यान. शोल क्रीक चुनखडीच्या पायऱ्यांवरून फेसाळत खाली येतो. धबधबा रुंद आहे, फार उंच नाही. चक्की घालायला याहून चांगली जागा शोधून सापडणार नाही.

क्रॉकेट १८१७ मध्ये इथे आला. पॉली दोन वर्षांपूर्वी वारली होती. त्यानंतर त्याने एलिझाबेथ पॅटन या विधवेशी लग्न केलं होतं, दोघांची मिळून पोरं बरीच होती. काउंटी नवी, सरकार पोचलेलं नाही, मग लोकांनीच त्याला न्यायदानाला बसवलं आणि त्या वर्षी तो रीतसर जस्टिस ऑफ द पीस, म्हणजे स्थानिक न्यायदंडाधिकारी झाला. तो लिहितो की माझ्या निकालांवर कधी अपील झालं नाही, कारण मी माणसामाणसांतला न्याय आणि उपजत अक्कल यांवर निकाल दिले. कायद्याच्या पुस्तकाचं एक पानही मी वाचलेलं नव्हतं. वॉरंट लेखी असायला हवं म्हटल्यावर मात्र त्याला घाम फुटला. मग त्याने कसून सराव करून नोंदी स्वतः लिहायला शिकून घेतलं. खुर्चीत बसल्यावर अक्षर गिरवणाऱ्या या माणसाबद्दल मला आदर वाटतो.

या ओढ्यावर त्याने दळणाची चक्की, बंदुकीच्या दारूचा कारखाना आणि मद्याची भट्टी उभी केली. तीन हजार डॉलरच्या वर खर्च, स्वतःच्या ऐपतीपेक्षा जास्त. १८२१ मध्ये तो पहिल्या अधिवेशनाला गेला आणि इकडे पूर आला. चक्की गेली, बंदुकीच्या दारूचा कारखाना गेला. भट्टी वाचली, पण दळलेलं धान्यच नाही तर भट्टी चालणार कशी? बापाचं नशीब पोराच्या वाट्याला आलं. एलिझाबेथ त्याला म्हणाली, आपल्याकडे असेल नसेल ते देऊन सगळ्यांची देणी फेडून टाक, मग पुन्हा मिळवू. त्याने तसंच केलं आणि कुटुंब पश्चिमेकडे निघालं.

दुपारी उद्यानातल्या दुसऱ्या पायवाटेवर गेलो. तिथे फलक आहे : अश्रूंची वाट. १८३८ मध्ये घरादारातून हुसकलेले चेरोकी पश्चिमेकडे नेले गेले, त्यांतली एक तुकडी, बेलची तुकडी, इथून गेली. जुना गाडीरस्ता अजून ओळखू येतो, पानगळीत बुडालेला. आम्ही बराच वेळ त्यावरून चाललो.

आता त्या मताबद्दल. १८१३ मध्ये क्रॉकेट अँड्र्यू जॅक्सनच्या फौजेत क्रीक लोकांविरुद्ध लढला होता. टालुशाची गावात जे झालं ते त्याने झाकून ठेवलेलं नाही. आम्ही त्यांना कुत्र्यासारखं गोळ्या घातल्या, असं तो लिहितो; ४६ योद्धे आत असलेलं घर पेटवून दिल्याचंही लिहितो. १८३० मध्ये तोच जॅक्सन अध्यक्ष झाला होता आणि मूळनिवासींना मिसिसिपीपलीकडे हलवण्याचं विधेयक त्याने आणलं. टेनेसीत जॅक्सनचा शब्द म्हणजे कायदा. २६ मे रोजी प्रतिनिधिगृहात ते १०२ विरुद्ध ९७ मतांनी मंजूर झालं. टेनेसीच्या खासदारांपैकी विरोधात मत देणारा एकटा क्रॉकेट. त्याच्या मतदारांना ते विधेयक हवं होतं, सहकाऱ्यांनी त्याला बजावलंही होतं. त्याने लिहून ठेवलंय की माझं ते मत प्रामाणिक होतं आणि कयामतीच्या दिवशीही त्याची मला लाज वाटणार नाही. पुढच्या, १८३१ च्या निवडणुकीत तो पडला.

आजी-आजोबांचा मृत्यू, टालुशाची आणि हे मत, तिन्ही एकाच माणसाच्या आयुष्यात आहेत. एकाने दुसरं पुसलं जात नाही. पण त्या वाटेवर उभं राहून मला एवढं नक्की वाटलं की अलामोतल्या मरणापेक्षा या मताला जास्त धैर्य लागलं असेल.

पाचवा दिवस : रदरफर्ड

टेनेसी नदी ओलांडली की देश बदलतो. डोंगर संपतात, कपाशी आणि सोयाबीनची सपाट शेतं लागतात. क्रॉकेट १८२२ मध्ये इथे ओबियन नदीच्या फाट्यावर आला तेव्हा सगळं दाट रान होतं. १८११-१२ च्या न्यू मॅड्रिड भूकंपांनी जमीन फाटलेली, झाडं आडवी, वेळूची बेटं. वर्षाच्या आत १०५ अस्वलं मारल्याचं तो सांगतो.

रदरफर्ड गावात त्याच्या शेवटच्या घराची प्रतिकृती आहे, मूळ घराचे काही ओंडके वापरून बांधलेली. शेजारी त्याच्या आईची, रिबेकाची कबर. मोठी सुंदर, मोकळी जागा आहे.

त्याच्या राजकारणाचं मूळ इथे आहे, आणि ते जमिनीत आहे. पश्चिम टेनेसी १८१८ च्या करारात चिकसॉ लोकांकडून घेतलेला. नॉर्थ कॅरोलायनाने स्वातंत्र्ययुद्धातल्या शिपायांना जमिनीचे हक्कपत्र वाटले होते. ते सटोडियांनी गोळा केले आणि चांगली चांगली जमीन कागदावर उचलली. उरलेल्या हलक्या जमिनीवर गरीब कुटुंबं येऊन बसली. रान तोडलं, केबिन बांधली, मका लावला, पण सातबाऱ्यावर नाव नसलेल्या शेतकऱ्यासारखी त्यांची गत. कुणीही कागद घेऊन यावं आणि उठवावं. क्रॉकेट त्यांच्यातलाच एक होता.

१८२३ मध्ये तो इथून पुन्हा आमदार झाला. प्रतिस्पर्धी डॉ. बटलर, जॅक्सनच्या नात्यातला, पैसेवाला. त्याच्या घरी गेल्यावर क्रॉकेटने तिथल्या उंची गालिच्यावर पाय ठेवला नाही आणि मग सभांत सांगितलं, तुमच्या बायका अंगावर घालतात त्याहून भारी कापड हा रोज पायाखाली तुडवतो. मत मागायला जाताना शिकारी सदऱ्याच्या एका खिशात तंबाखू आणि दुसऱ्यात बाटली. घोट घेताना माणूस तोंडातली तंबाखू थुंकणार, म्हणून निघताना त्याला नवी द्यायची. म्हणजे भेटला तेव्हा होता त्याहून गरीब तो राहत नाही.

१८२७ मध्ये तो वॉशिंग्टनला पोचला आणि एकच ध्यास घेतला : जो कसतो त्याला जमीन द्या, १६० एकरांपर्यंत, थेट. पोकचं म्हणणं होतं की या जमिनी राज्याला द्याव्यात, राज्य त्या विकून शिक्षणावर खर्च करेल. ऐकायला हे किती चांगलं! पण क्रॉकेटचा सवाल साधा होता. माझ्या लोकांच्या पोरांनी कॉलेज आतून कधी पाहिलेलं नाही, पाहण्याचा संभवही नाही. मग त्यांच्या जमिनी विकून श्रीमंतांच्या पोरांना का शिकवायचं? याच न्यायाने त्याने वेस्ट पॉइंटची लष्करी अकादमी बंद करण्याचा ठरावही मांडला.

त्याला तडजोड जमली नाही हे खरं. पोकशी आणि जॅक्सनच्या गोटाशी बिनसल्यावर विधेयक दर अधिवेशनात मागे पडत गेलं. नंतर जॅक्सनविरोधी व्हिग पक्षाने त्याला उचलून धरलं, पूर्वेकडच्या शहरांत मिरवलं, फिलाडेल्फियात बंदूक भेट दिली, पण जमिनीच्या विधेयकाला त्यांचाही हात लागला नाही. गरिबांचा कैवार घेणाऱ्या या माणसाच्या घरी काही गुलाम होते, हेही इथे सांगायला हवं. गरीब म्हणताना त्याच्या डोळ्यांसमोर गोरी कुटुंबंच होती.

सहावा दिवस : मेम्फिस

सकाळी मिसिसिपीच्या काठावर गेलो. नदी एवढी रुंद की पलीकडचं आर्कान्सॉ धूसर दिसतं. १८२६ मध्ये पिंपांच्या फळ्या विकायला निघालेला क्रॉकेट इथेच जवळपास बुडता बुडता वाचला. दोन्ही बोटी गेल्या. मार्कस विंचेस्टर या व्यापाऱ्याने त्याला कपडे दिले आणि पुढे निवडणुकीसाठी पैशाची मदतही केली.

पुन्हा एकदा खासदार झाल्यावर १८३५ मध्ये तो अ‍ॅडम हंट्समनकडून २५२ मतांनी हरला. लोकांना त्याने सांगून ठेवलं होतं : मला निवडून द्या, नाहीतर तुम्ही जा नरकात, मी जातो टेक्सासला. नोव्हेंबरमध्ये याच गावातून तो निघाला. जानेवारी १८३६ मध्ये सॅन ऑगस्टीनहून त्याने मुलीला आणि जावयाला पत्र लिहिलं. त्यात युद्ध थोडं आहे आणि जमीन पुष्कळ : कुठली माती चांगली, पाणी कुठे, आपल्या लोकांनी कुठे वस्ती करावी. आणि एक आशा : या प्रांताची घटना लिहिणाऱ्या सभेवर मी निवडून येईन याबद्दल मला फारशी शंका नाही. ती सभा १ मार्चला भरली तेव्हा तो मेक्सिकोच्या फौजेने अलामोला घातलेल्या वेढ्यात होता. ६ मार्चला किल्ल्यातले जवळजवळ सगळे लढवय्ये मारले गेले.

पुढच्याच वर्षी त्याचा मुलगा जॉन वेस्ली क्रॉकेट वडिलांच्या मतदारसंघातून खासदार झाला आणि त्याने तेच जमिनीचं काम हातात घेतलं. फेब्रुवारी १८४१ मध्ये त्याचं विधेयक मंजूर झालं. जमीन फुकट मिळाली नाही, पण तिच्यावर राहून ती कसणाऱ्यालाच ती विकत घ्यायचा पहिला हक्क मिळाला, एकरी साडेबारा सेंटला.